खराऱ्याच्या तालावर

पहाटे ५:३०
ठाण्याच्या तुरुंगापासून बऱ्याच अंतरावर माइक धरून उभा आहे. कॅमेरा पिशवीतच, आतल्या चित्रीकरणाचा अर्ज अजून टेबलांवरून फिरतोय.

चहावाला विचारतो, "काय रेकॉर्ड करताय?"

"घोडे."

"इथं?"

हा तुरुंग म्हणजे जुना किल्ला. दुसऱ्या बाजीरावाचा कारभारी त्रिंबकजी डेंगळे इथे कैदेत होता. फितुरी नको म्हणून पहाऱ्याला सगळे गोरे शिपाई. तिथेच इंग्रज फसले. सांगतात ते असं की, एक मोतद्दार खिडकीखाली घोड्याला खरारा करता करता मराठीत गायचा, आणि गाण्यातून पळायचा बेत आत कळवायचा. पहारेकऱ्यांना ते नुसतं गाणं. १२ सप्टेंबर १८१६ ला त्रिंबकजी शौचकूपाच्या भिंतीला पाडलेल्या भोकातून पसार झाला.

रिक्षांचे हॉर्न सुरू व्हायच्या आत मला चार मिनिटं मिळाली. पुरेत.

७:४५
पुण्याच्या गाडीत फोन. "माहितीपटात त्रिंबकजीला खुनी दाखवणार की देशभक्त?" बोगद्यात आवाज गेला. बरं झालं.

११:१५
पुणे पुराभिलेखागार. रुमाल सोडला की पहिली शिंक ठरलेली. मोडी वाचणाऱ्या बाई बोट न टेकवता ओळीवरून नजर फिरवतात. आज निघाला दाणावैरणीचा हिशेब. त्यात त्रिंबकजी नाही, पण मी तो टिपून घेतो. घोडे काय खात होते हे तरी कळलं.

फोनवरच्या प्रश्नातला खून हा: गायकवाडांचे वकील गंगाधरशास्त्री पटवर्धन इंग्रजांच्या हमीवर पुण्याला आले होते. २० जुलै १८१५ ला पंढरपुरात त्यांचा खून झाला. इंग्रज रेसिडेंट एल्फिन्स्टनने ठपका त्रिंबकजीवर ठेवला, बाजीरावाने अखेर त्याला इंग्रजांच्या हवाली केलं. उघड खटला चाललाच नाही. आरोप करणारा एल्फिन्स्टन, चौकशी करणाराही तोच, आणि जपून ठेवलेली पत्रंही बहुतेक त्याचीच. त्रिंबकजी निर्दोष होता असं मी म्हणत नाही. पण एकाच बाजूची कागदपत्रं नीट लावून ठेवलेली दिसली की मला आधी लावणाऱ्याचा हात बघावासा वाटतो.

२:००
पोळीभाजी. हार्ड डिस्कवाल्याचे पैसे द्यायचेत.

३:००
संकलन. पडद्यावर चुनारचा किल्ला, खाली गंगा. १८१८ मध्ये पुन्हा पकडल्यावर त्रिंबकजीला तिकडे धाडलं. १८२९ मध्ये तो तिथेच वारला. त्याआधी, १८२४ मध्ये, इंग्रज बिशप हेबर त्याला तिथे भेटला. मोतद्दाराच्या गाण्याची हकीकत हेबरने प्रवासवर्णनात लिहिली आणि ते गाणं इंग्रजी पद्यात बसवलं. त्यात घोडे तयार आहेत, एकाला स्वार नाही. म्हणजे पहारेकऱ्यांना न कळलेलं गाणं माझ्या हाती आलं ते पहारेकऱ्यांच्याच भाषेत.

सहायक म्हणतो, "दादा, उलट मराठीत करून घेऊ ना. कुणाला कळणारे?"

तीच तर भीती आहे. दहा वर्षांनी कुणीतरी आमच्या ओळी १८१६ च्या म्हणून छापेल.

६:३०
गाण्यासाठी शाहीर आले. मराठी शब्द नाहीत म्हटल्यावर चेहरा पडला. मग स्वतःच उठले, कोपऱ्यातला बूट-ब्रश घेतला, लाकडी पेटीवर घासून ताल धरला आणि ओठ मिटून गुणगुणायला लागले. पहिल्या टेकला शेजारच्या कुकरची शिट्टी. दुसऱ्याला त्यांनाच खोकला.

तिसरा टेक मी सकाळच्या चार मिनिटांवर ठेवला. दूरवर चहावाल्याचा आवाज येतो: "इथं?"

तो काढायचा राहू दे म्हटलं.