डोरेमॉनच्या ओयामाबाई

डोरेमॉन या जपानी कार्टूनला आवाज देणाऱ्या नोबुयो ओयामा २९ सप्टेंबर २०२४ रोजी गेल्या. वय नव्वद. जपानमध्ये ही बातमी ११ ऑक्टोबरला जाहीर झाली आणि पन्नाशीच्या आतबाहेरची एक अख्खी पिढी हळहळली. आपल्याकडे तिची फारशी दखल घेतली गेली नाही. घेतली जाणार तरी कशी? आपला डोरेमॉन हिंदीत बोलतो. कागलच्या पंचतारांकित एमआयडीसीच्या अवतीभवती, कसबा सांगाव, तळंदगे, हुपरी या पट्ट्यात पहिली पाळी करून दुपारी घरी आलेल्या बापाशी पोरगं कार्टूनमधल्या हिंदीत बोलू लागतं, हे आता कुणाला नवीन नाही. त्या घरांत ओयामाबाईंचा आवाज कधी पोचला नाही. पण डोरेमॉन जसा बोलतो, जसा वागतो, त्यातलं बरंच काही या बाईंनी ठरवलेलं आहे. म्हणून त्यांच्या कारकिर्दीकडे नीट पाहायला हवं.

त्यांचा जन्म १९३३चा, टोकियोतला. आवाज लहानपणापासून जाड आणि घोगरा. मुलीच्या गळ्यातून असा आवाज निघतो म्हणून शाळेत मुलं हसायची, आणि मग या मुलीने बोलणंच कमी केलं. आईने तिला समजावलं, की दुखऱ्या हाताला जपत बसलं तर तो आणखी लुळा पडतो, तसंच आवाजाचं आहे. रोज मोठ्याने बोलावं लागेल असं काहीतरी कर. ती शाळेच्या प्रसारण मंडळात जाऊ लागली. ही हकिगत ओयामाबाईंनी स्वतःच पुढे अनेकदा सांगितली. आवाजाच्या क्षेत्रातल्या कित्येकांच्या वाट्याला असं हसं आलेलं असतं, पण वेळेवर असं बोलणारी आई सगळ्यांना मिळत नाही.

पुढे हाइयुझा या नामांकित नाट्यसंस्थेच्या प्रशिक्षण शाळेत त्या अभिनय शिकल्या. हे लक्षात ठेवण्यासारखं आहे. जपानमधली आवाज-अभिनेत्यांची पहिली फळी बरीचशी रंगभूमीवरून आली. दूरचित्रवाणी नवी होती, परदेशी मालिका जपानीत आणायच्या होत्या आणि हे काम नाटकातल्या तरुण नटांकडे गेलं. ओयामाबाईंनी सुरुवात केली ती १९५७ साली, 'लॅसी' या अमेरिकी मालिकेच्या जपानी रूपांतरातून. १९६० पासून सार्वजनिक वाहिनी एनएचकेवर डुकराच्या तीन पिल्लांची बाहुल्यांची मालिका सुरू झाली. त्यातल्या एका पिल्लाचा आवाज ओयामाबाईंचा, आणि दुसऱ्याचा तेत्सुको कुरोयानागी यांचा. चेतना सरदेशमुख-गोसावी यांच्या अनुवादामुळे मराठी घरांत पोचलेल्या 'तोत्तोचान'च्या लेखिका त्या याच. १९६९मध्ये 'साझाए-सान' ही मालिका सुरू झाली तेव्हा त्यातल्या कात्सुओ या खोडकर मुलाला पहिला आवाज ओयामाबाईंनीच दिला. काही महिन्यांत ती भूमिका दुसरीकडे गेली. मालिका मात्र आजही चालू आहे. १९७७च्या 'झांबोट ३'मध्ये त्या यंत्रमानव चालवणाऱ्या मुलाचा आवाज झाल्या. घोगऱ्या आवाजाची बाई म्हणजे मुलांच्या भूमिका, हे समीकरण तोवर पक्कं झालं होतं.

डोरेमॉन त्यांच्याकडे आला तेव्हा त्या पंचेचाळीस वर्षांच्या होत्या. त्याआधी १९७३मध्ये दुसऱ्या एका वाहिनीने डोरेमॉन करून पाहिला होता. आधी कोसेइ तोमिता यांचा पुरुषी आवाज, मग मासाको नोझावा यांचा. मालिका सहा महिन्यांत आटोपली. म्हणजे १९७९मध्ये डोरेमॉन हमखास चालेल असं कुणी छातीठोकपणे म्हणू शकत नव्हतं. २ एप्रिलला नवी मालिका सुरू झाली ती रोज दहा मिनिटांची.

ओयामाबाईंनी मूळ चित्रकथा वाचल्या आणि एक विचार केला. हा यंत्रमानव बाविसाव्या शतकात मुलं सांभाळण्यासाठी बनवला आहे. मुलं सांभाळणाऱ्याच्या तोंडात कुणी शिव्या आणि अर्वाच्य शब्द भरून ठेवील का? नाही. मग हा सभ्यच बोलणार. भेटल्यावर आधी नमस्कार करणार आणि आपलं नाव सांगणार. लेखी संवादात नसलेली ही नम्र ओळख त्यांनी घातली, ती पुढे डोरेमॉनची खूण ठरली. पोटावरच्या खिशातून वस्तू काढताना तिचं नाव लांबवत, सुरात पुकारणं हीही त्यांचीच लकब. बांबूकॉप्टरसारखी वस्तू बाहेर येण्याआधी आपली मुलं ज्या उत्सुकतेने कान टवकारतात, तिचं मूळ त्या पुकारण्यात आहे.

मूळ चित्रकार फुजिको एफ. फुजिओ यांनी हा आवाज पहिल्यांदा ऐकल्यावर दाद दिली ती अशी, की डोरेमॉनचा आवाज असा होता तर! स्वतः निर्माण केलेल्या पात्राचा आवाज निर्मात्याला दुसऱ्याकडून कळावा, याहून मोठी पावती कोणत्या नटाला मिळणार?

सोबतची मंडळीही तोलामोलाची होती. डोरेमॉनचा दोस्त नोबिता झाल्या नोरिको ओहारा. दिग्दर्शक मियाझाकींच्या 'फ्युचर बॉय कॉनन'मधला कॉनन त्यांचाच, आणि 'हायडी'तला गुराखी पीटरही. शिझुका मिचिको नोमुरा, जियान काझुया तातेकाबे, सुनिओ कानेता किमोत्सुकी. जपानमध्ये सहसा सगळे कलाकार एकाच खोलीत, पडद्यासमोर उभे राहून आवाज देतात. पाच माणसं पंचवीसहून अधिक वर्षं अशी खांद्याला खांदा लावून उभी राहिली, तर पडद्यावरची मैत्री खरी वाटते यात नवल नाही. आपल्याकडे बहुतेकदा एकेकटा कलाकार काचेच्या खोलीत येतो, आपल्या ओळी ओठांच्या हालचालीत बसवतो आणि निघून जातो. तरीही आपले कलाकार पात्र जिवंत करतात, याचं मोल त्यामुळे अधिकच वाढतं.

डोरेमॉन सुरू असताना ओयामाबाईंनी ॲनिमेशनमधली इतर कामं जवळजवळ थांबवली. दुसऱ्या पात्रातून डोरेमॉन ऐकू आला तर मुलांचा हिरमोड होईल, असं त्यांना वाटे. त्या स्वयंपाकावर पुस्तकं लिहीत, पोलिसी मालिकेची पटकथाही त्यांनी लिहिली, आणि 'अर्कनॉइड' हा व्हिडिओ गेम तर त्या अशा खेळत की भलेभले थक्क होत. २००१मध्ये कर्करोगाची शस्त्रक्रिया झाली. मार्च २००५मध्ये पाचही जणांनी एकत्र निरोप घेतला आणि वासाबी मिझुता नवा डोरेमॉन झाल्या.

त्याच २००५ साली डोरेमॉन हंगामा वाहिनीवरून भारतात आला. हिंदीत त्याला आवाज दिला सोनल कौशल यांनी, तोही शाळकरी वयात. जपानमध्ये एक आवाज थांबला आणि इथे दुसरा सुरू झाला.

२०१०मध्ये 'दांगानरोन्पा' या खेळातल्या मोनोकुमा नावाच्या क्रूर अस्वलाला त्यांनी आवाज दिला. सव्वीस वर्षं सभ्य बोललेला तोच गळा, तीच गोड लय, आणि आता तिच्यात निर्दयपणा. ज्यांना ओयामाबाई म्हणजे फक्त एक गमतीदार आवाज वाटत होत्या, त्यांना नट म्हणजे काय ते इथे कळलं. पुढे स्मृतिभ्रंशाने गाठलं. पती केइसुके सागावा यांनी २०१५मध्ये ते जाहीर केलं, पत्नीची काळजी घेतली आणि २०१७मध्ये त्यांच्याआधीच गेले. नोबिता झालेल्या ओहारा जुलै २०२४मध्ये गेल्या, ओयामाबाई त्यांच्यानंतर अडीच महिन्यांनी.

जपानने या बाईंना नावाने ओळखलं. आपल्याकडे १९९३मध्ये दूरदर्शनवर लागलेल्या जपानी 'जंगल बुक'मधला शेर खान नाना पाटेकरांचा, हे सगळ्यांना पाठ आहे; पण मोगलीच्या तोंडचं हिंदी कुणाचं, हे विचारलं तर बहुतेक घरांत उत्तर मिळणार नाही. प्रसिद्ध नटाचं नाव लक्षात राहतं, आवाजाचंच काम करणाऱ्याचं राहत नाही. मुलांच्या वाहिन्यांनी हिंदी आणि मराठी आवाज देणाऱ्यांची नावं प्रत्येक भागाच्या शेवटी, वाचता येतील इतक्या वेळ दाखवावीत. ती मागणी पालकांनी करावी.