फितीवरची माणसं

नारायणगावच्या बाजारपेठेत एका फोटो स्टुडिओच्या मागच्या खोलीत व्हीसीआर खोलून ठेवला आहे. संकलन करणारी मुलगी अल्कोहोलमध्ये भिजवलेलं मऊ कापड हेडच्या ड्रमला टेकवते आणि ड्रम हळूच फिरवते. कापूस चालत नाही, त्याचे तंतू हेडला अडकतात.

बाहेर हमरस्त्याला तमाशांच्या राहुट्या लागल्या आहेत. पाडवा जवळ आलाय, गावोगावच्या यात्रा कमिट्या सुपारी ठरवायला येताहेत. आत तमाशावरच्या माहितीपटासाठी जुनं चित्रण उतरवणं चाललं आहे. जुन्नर-आंबेगावच्या घरांतून जमवलेल्या या व्हीएचएस कॅसेटी, कुणी हौसेनं यात्रेत काढलेल्या. चित्रपट जपायला पुण्यात 1964 पासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. यात्रेतला तमाशा मात्र माळ्यावरच्या ट्रंकेत पडून राहिला. पावसाळ्यांनी त्यावर पांढरी बुरशी चढवली आहे. आवाजाची पट्टी फितीच्या कडेला असते, त्यामुळे कड वळली की पहिला घाव आवाजावर बसतो.

फीत फिरू लागते. तीन तासांची कॅसेट संगणकावर घ्यायला तीन तासच लागतात. पडद्यावर आधी नुसते पट्टे, मग मंच, हॅलोजनचा पिवळा उजेड, गण. शेजारी बसलेले वयस्कर ढोलकीवाले बाबा पुढे सरकतात. मध्येच चित्र फाटतं, ढोलकी तेवढी ऐकू येते. बाबांची बोटं मांडीवर चालू लागतात.

"थांबव पोरी. ह्यो हात माझा न्हाई. माझ्या चुलत्याचा हाय."

ती थांबवत नाही. मध्येच तोडलं तर फीत पुन्हा हेडवरून न्यावी लागेल, आणि अशा जीर्ण फितीला एकेक फेरी भारी पडते. ती वहीत टाइमकोड टिपते, पुढे चुलत्यांचं नाव.

"बाबा, तुम्ही बोलत राहा. ही मावशी कोण?"

मावशी, सोंगाड्या, मागे तुणतुणं धरलेला सुरत्या. बाबा हाक मारावी तशी एकेकाची नावं घेतात. गवळणीतल्या एका मुलीपाशी अडतात.

"तोंड वळखीचं हाय…"

नाव येत नाही. वहीत त्या टाइमकोडपुढची जागा कोरी राहते.

मला ती कोरी जागा फार लागते. माहितीपटात हा तुकडा जेमतेम मिनिटभर येईल, आणि ती मुलगी 'एक तमाशा कलावंत' म्हणून निघून जाईल. विठाबाई नारायणगावकर 2002 साली गेल्या. त्यांचं नाव महाराष्ट्र विसरलेला नाही. त्यांच्याच गावच्या फडांत मागे उभं राहून जन्मभर झील धरणाऱ्यांच्या वाट्याला ते भाग्य आलं नाही. त्यांची नावं आता अशा दोन-चार म्हाताऱ्यांच्या आठवणीतच आहेत.

माणसांसारखी यंत्रंही सरत चालली आहेत. जपानच्या फुनाई कंपनीनंही 2016 मध्ये व्हीसीआर बनवणं थांबवलं. आता चालू यंत्रं आहेत तेवढीच. तुमच्या घरी यात्रेची, भजनाची, लग्नाची कॅसेट असेल तर यंदाच्या पावसाळ्याआधी उतरवून घ्या. आणि उतरवताना घरातलं सर्वांत वयस्कर माणूस शेजारी बसवा, वही-पेन घेऊन.