परत न आलेल्या बोटी

बीबीच्या मकबऱ्यामागील डोंगरात जी बौद्ध लेणी आहेत, तेथे पाहुण्यांस घेऊन जाण्याचे काम सेवानिवृत्तीपासून आमच्या घरी माझ्याकडे आले आहे. अजिंठा-वेरुळाच्या कीर्तीपुढे इकडे फारसे कोणी फिरकत नाही आणि पायऱ्या चढताना धाप लागते, हेही खरे. परंतु सातव्या क्रमांकाच्या लेण्यातील एक शिल्प ज्याने नीट न्याहाळून पाहिले, तो आपले श्रम वाया गेले असे म्हणणार नाही. अवलोकितेश्वर बोधिसत्त्व मध्यभागी उभा असून त्याच्या दोन्ही अंगांस चार-चार लहान चौकटींत मनुष्यमात्राची आठ महाभये कोरलेली आहेत. अग्नी, शत्रूचे खड्ग, बेड्या, सिंह, सर्प, मत्त हत्ती आणि प्रत्यक्ष मृत्यू ही त्यांतील सात. आठवे भय म्हणजे समुद्रात सापडलेले तारू. त्यातील माणसे हात जोडून बोधिसत्त्वाची करुणा भाकीत आहेत. हे काम सहाव्या शतकातील, म्हणजे सुमारे चौदाशे वर्षांपूर्वीचे आहे.

गेल्या दिवाळीत पुण्याहून आलेल्या माझ्या नातीने ते पाहून विचारले, “आजोबा, इथे तर समुद्रच नाही. मग बोट कशी बुडाली?”

प्रश्न रास्त होता. आमच्या ह्या शहरापासून, ज्यास आता छत्रपती संभाजीनगर म्हणतात व माझ्या पिढीच्या तोंडी अजून औरंगाबादच येते, मुंबई रेल्वेने पावणेचारशे किलोमीटर दूर. येथील पुष्कळ वृद्धांनी समुद्र पाहिलेलाच नाही. मी नातीस माझ्या जुन्या सवयीने उत्तर दिले. येथून पन्नास किलोमीटरांवरचे पैठण ही सातवाहनांची राजधानी होय. पहिल्या शतकातील एका ग्रीक खलाशाने लिहिलेल्या ‘पेरिप्लस’ नामक प्रवासग्रंथात पैठण भडोचच्या दक्षिणेस वीस दिवसांच्या वाटेवर असल्याचे सांगून, पैठणहून आणि त्यापलीकडच्या तेरहून माल गाड्यांत घालून त्या बंदरी नेत असत, असे म्हटले आहे. गाडी घाट उतरली म्हणजे पुढचा सारा भरवसा समुद्रावर. अजिंठ्याच्या दुसऱ्या लेण्यात सोपाऱ्याच्या पूर्णाची कथा रंगविली आहे. तीतील तीन डोलकाठ्यांचे आणि रांजणांच्या रांगा लादलेले गलबत पाहून आजही खलाशी माना डोलावतील. सतराव्या लेण्यात सिंहल व्यापाऱ्याचे फुटलेले जहाज आहे. ज्यांच्या दानाने अशी लेणी कोरली गेली त्यांत व्यापारी होते, आणि त्या घरांतील मंडळी परदेशी गेलेल्या माणसाची वाट पाहत असत.

हे उत्तर चूक नव्हते. पण पुरेही नव्हते. काठावरचा कोळी लाट पाहतो, वारा ओळखतो आणि होडी दिसेनाशी झाली की झाले ते त्यास समजते. समुद्रापासून दूर बसलेल्याच्या वाट्यास केवळ वाट पाहणे येते. आमच्या घराने तशी वाट बारा वर्षे पाहिली आहे. ती हकीकत सांगण्यापूर्वी बुडालेल्या बोटींविषयी दोन शब्द लिहिणे जरूर आहे. कारण पस्तीस वर्षे हजेरीपट भरलेल्या माणसास त्यांतील एक गोष्ट वारंवार खटकत आली आहे. बोट बुडते तेव्हा तिच्यावर कोण कोण होते, हे बहुधा कोणासच ठाऊक नसते.

नोव्हेंबर १८८८ मधील ‘वैतरणा’ बोटीचेच पाहा. कच्छच्या मांडवीहून ती मुंबईस निघाली. ती विजेच्या दिव्यांनी झगमगे, म्हणून काठेवाडातील लोक तिला ‘विजळी’ म्हणत. नाव आमच्या पालघरकडच्या नदीचे. परंतु ऐकणारास यमपुरीच्या वाटेवरील वैतरणीच आठवावी, हा योग विलक्षण. सौराष्ट्राच्या किनाऱ्याजवळ ती तुफानात सापडली आणि नाहीशी झाली. फळकूट मिळाले नाही की प्रेत मिळाले नाही. चौकशी झाली, व संकटकाळी लागणारी साधने बोटीवर पुरेशी नव्हती असे ठरले. लग्नाची वऱ्हाडे होती, आणि मुंबई विद्यापीठाच्या मॅट्रिक परीक्षेस निघालेली मुले होती. स्वतः मॅट्रिकपलीकडे न गेलेल्या मला ह्या मुलांचा विसर पडत नाही. परीक्षेच्या दालनात त्यांचे क्रमांक पुकारले गेले असतील, उत्तर न आल्यामुळे पर्यवेक्षकाने ‘गैरहजर’ असा शेरा मारला असेल. तोही शेरा म्हणजे एक नोंदच. बाकीच्यांची तेवढीही नोंद नाही. कागदोपत्री आकडा साडेसातशेच्या आत, आणि लोकांच्या तोंडी तोच तेराशेपर्यंत गेला. ह्या दोहोंमधली साडेपाचशे माणसे खरोखर होती, की दुःखाने आकडा फुगविला, हे आता कोण सांगणार?

पुढे ११ नोव्हेंबर १९२७ रोजी ‘जयंती’ व ‘तुकाराम’ ह्या दोन आगबोटी एकाच दिवशी वादळात गेल्या. कोकणातील जुन्या माणसांच्या बोलण्यात ती दोन नावे जोडीनेच येत. त्यांत वीस वर्षांनी ‘रामदास’ हे तिसरे नाव मिळाले.

‘रामदास’ ही १९३६ साली विलायतेत बांधलेली, सुमारे चारशे टनांची आगबोट. १७ जुलै १९४७ रोजी, स्वातंत्र्यास महिनाही उरला नव्हता तेव्हा, सकाळी आठच्या सुमारास ती मुंबईच्या भाऊच्या धक्क्यावरून रेवसला निघाली. प्रवास दीड तासाचा. आषाढ अमावास्या असल्याने नोकरीनिमित्त मुंबईस राहिलेली अलिबागकडची मंडळी घरी चालली होती. मासळी विकून परतणाऱ्या कोळिणी होत्या. पाऊस होताच; बंदर ओलांडल्यावर वाऱ्याने जोर केला व कलणाऱ्या बोटीवर लाटा चढू लागल्या. एका बाजूने पाणी आत आले, म्हणून लोक घाबरून दुसऱ्या बाजूस धावले. जहाजाचा तोल हा तराजूसारखा असतो. शेकडो माणसे एकदम एका कडेस गेली म्हणजे त्यांचा भार लाटेहूनही घातक ठरतो. काशाच्या खडकाजवळ बोट उलटली, आणि काही मिनिटांत दिसेनाशी झाली. वर बिनतारी संदेशाचे यंत्र नव्हते. इतक्या जवळ, जवळजवळ मुंबईच्या नजरेत, सहाशेंहून अधिक माणसे बुडाली आणि मुंबईस कित्येक तास त्याचा पत्ता नव्हता. पोहून काठास लागलेल्यांनी सांगितले तेव्हा शहरास कळले. जी थोडी माणसे वाचली त्यांतील पुष्कळांस रेवसकडून येणाऱ्या कोळ्यांनी आपल्या होड्यांत ओढून घेतले. त्या समुद्रात होडी घालणे म्हणजे काय, हे त्यांचे त्यांस ठाऊक.

मृतांची संख्या कोठे सव्वासहाशे, तर कोठे सातशेच्या घरात दिलेली आढळते. तिकिटे मोजता येतात. परंतु शेवटच्या क्षणी उडी मारून चढलेला, ओळखीवर बसलेला, आईच्या कडेवरचा, ह्यांची तिकिटे कोठून असणार?

लढाईतही ह्याहून निराळे घडत नाही. १४ एप्रिल १९४४ रोजी मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत ‘फोर्ट स्टिकिन’ ह्या जहाजाचा स्फोट झाला. कापसाच्या गासड्या आणि सुमारे चौदाशे टन स्फोटके एकाच जहाजात भरली होती! भर दुपारी आग लागली, आणि चार वाजून गेल्यावर अर्ध्या तासाच्या आत दोन प्रचंड धडाके होऊन आसपासची अनेक जहाजे व वस्ती उद्ध्वस्त झाली. युद्धकाळ असल्याने वर्तमानपत्रांस कित्येक दिवस खरा वृत्तान्त छापता आला नाही. त्याच जहाजावर सोनेही होते: एकतीस पेट्या, प्रत्येकीत चार विटा, एकूण एकशे चोवीस. त्या विटा पुढे कित्येक वर्षे गोदीचा गाळ उपसताना सापडत राहिल्या, आणि किती मिळाल्या व किती राहिल्या ह्याचा हिशेब ठेवला गेला. माणसे मात्र आठशे मेली की तेराशे, ह्यावर आजही एकवाक्यता नाही. गोदीतील हमाल रोजंदारीचा. त्याचे नाव मुकादमास ठाऊक, आणि मुकादमही त्या दुपारी तेथेच होता.

त्याच्या अगोदर, २३ नोव्हेंबर १९४२ रोजी, मुंबईहून आफ्रिकेस निघालेल्या ‘तिलावा’ जहाजास जपानी पाणबुडीने अरबी समुद्रात बुडविले. दोनशे ऐंशी जीव गेले. ऐंशी वर्षांनी, २०२२ साली, त्यांचे वंशज मुंबईस एकत्र जमले. तोपर्यंत जो तो आपापल्या घरी एकटाच आठवण काढीत होता. ‘खुकरी’ ह्या आपल्या युद्धनौकेची गोष्ट वेगळी. ९ डिसेंबर १९७१ रोजी दीवजवळ पाकिस्तानी पाणबुडीने ती बुडविली. अठरा अधिकारी व एकशे शहात्तर नाविक गेले आणि कप्तान महेंद्रनाथ मुल्ला नौका सोडून न जाता तिच्याबरोबर गेले. येथे आकड्याविषयी वाद नाही. आरमारात हजेरीपट असतो.

आणि हजेरीपट असूनही काय होते, ते १७ मे २०२१ च्या ‘तौक्ते’ चक्रीवादळात दिसले. मुंबईच्या पश्चिमेस तेलविहिरींवर काम करणाऱ्या कामगारांचा ‘पी ३०५’ नावाचा बार्ज नांगर तुटून वाहत गेला व बुडाला. त्यावर २६१ माणसे होती आणि वादळाची सूचना अगोदर मिळाली होती. नौदलाने खवळलेल्या समुद्रातून १८६ जणांस वाचविले. बाकीच्यांची नावे कागदावर होती. पण हाती आलेली सर्वच शरीरे ओळखू येईनात, म्हणून रक्ताच्या नातलगांची तपासणी करून जुळवाजुळव करावी लागली.

आता आमच्या घरची गोष्ट. माझ्या आजीचे माहेर अलिबागजवळ. तिचा धाकटा भाऊ, म्हणजे माझ्या वडिलांचे मामा, मुंबईस एका छापखान्यात मुद्रिते तपाशीत असत. जुलै १९४७ मध्ये त्यांचे एक कार्ड आजीस आले. त्यात शेवटी एक ओळ होती: अमावास्येस घरी जाऊन यावे असा विचार आहे. औरंगाबाद तेव्हा निजामाच्या राज्यात; दिवस धामधुमीचे. ‘रामदास’ बुडाल्याचे आजीस उशिरा कळले, आणि भाऊ अलिबागेस पोहोचला नाही हे त्याहून उशिरा. छापखान्यात विचारले, तर बुधवारी संध्याकाळी ते नेहमीप्रमाणे गेले एवढेच कळले. वाचलेल्यांपैकी कोणी त्यांस बोटीवर पाहिल्याचे सांगितले नाही. प्रेत मिळाले नाही. ‘विचार आहे’ ह्या दोन शब्दांखेरीज पुरावा नव्हता, आणि विचार बदलता येतो!

मामींना मूलबाळ नव्हते. त्या आजीकडे येऊन राहिल्या. १८७२ च्या पुराव्याच्या कायद्याप्रमाणे तेव्हा सात वर्षे वार्ता नसलेला मनुष्य मृत मानता येत असे. १९५४ साली ती मुदत भरली तेव्हा छापखान्याकडे राहिलेल्या थोड्या पैशांसाठी अर्ज करावा असे आजोबांनी सुचविले. आजीने साफ नकार दिला. धर्मशास्त्राने नाहीशा झालेल्या माणसासाठी बारा वर्षे सांगितली आहेत, तर ती पुरी होऊ द्या, असे तिचे म्हणणे. सुतक नाही, श्राद्ध नाही. बारा वर्षे मामी कुंकू लावीत होत्या. वटसावित्रीस वडाला सूत गुंडाळीत होत्या. पितृपक्षात चतुर्दशीस, जी अपघाताने व शस्त्राने गेलेल्यांची तिथी, आजी त्यांस पाटावर बसवून काही ना काही निवडायला देई, म्हणजे त्यांचे लक्ष दुसरीकडे राहावे.

१९५९ च्या श्रावणात पैठणास गोदावरीच्या काठी पालाशविधी झाला. देह न मिळालेल्याचा पळसाच्या तीनशे साठ पानांचा देह करावा लागतो: मस्तकास चाळीस पाने, गळ्यास दहा, ह्याप्रमाणे पायांच्या बोटांपर्यंत. भाचा म्हणून अधिकार माझ्या वडिलांचा. ते पाने मांडीत होते, गुरुजी मोजीत होते आणि थोड्या अंतरावर आजीही ओठांतल्या ओठांत मोजीत होती. शेवटी दोन पाने कमी भरली. गुरुजी म्हणाले, दर्भ ठेवून भागेल. आजी म्हणाली, भागणार नाही. वडील उठणार इतक्यात मामी उठल्या, पलीकडच्या पळसाकडे एकट्याच गेल्या आणि दोन पाने खुडून घेऊन आल्या.