गाठीचा प्लेग: उंदीर, पिसू आणि आगगाडी

सप्टेंबर १८९६ मध्ये मुंबईच्या मांडवी भागात डॉ. अकासिओ व्हिएगस यांनी गाठीच्या प्लेगचे रोगी ओळखले. रोगाचा जंतू दोन वर्षांपूर्वीच हाँगकाँगमध्ये सापडला होता. तो माणसापर्यंत पोचतो कसा, हे कोडे होते. संशय घाणीवर, कोंदट हवेवर आणि रोग्याच्या स्पर्शावर. म्हणून घरे औषधी पाण्याने धुतली गेली, रोगी उचलून नेले गेले, स्थानकांवर उतारूंची तपासणी झाली. पुण्यातील सक्तीविरुद्धचा संताप जून १८९७ मध्ये तिथले प्लेग अधिकारी रँड यांच्यावरील गोळीबारापर्यंत गेला.

खेड्यांतला ठोकताळा साधा होता: उंदीर पडू लागले की घर सोडायचे आणि माळावर झोपड्या घालायच्या. तो अचूक निघाला, पण त्यामागचे कारण हाती यायला वेळ लागला.

२ जून १८९८ रोजी कराचीत फ्रेंच डॉक्टर पॉल-लुई सिमाँ यांनी काचेच्या बरणीत पिसवा असलेला आजारी उंदीर ठेवला आणि जाळीपलीकडे निरोगी उंदीर. दोघांचा स्पर्श होत नव्हता, तरी दुसराही प्लेगने मेला. रोग पिसवांमार्फत पसरतो हे सिमाँ यांचे मत सरकारच्या प्लेग आयोगाने मानले नाही. १९०५ पासून मुंबईत परळला झालेल्या प्रयोगांनी ते सिद्ध केले. पिसवा फिरत असलेल्या खोलीत जमिनीवरचे गिनीपिग मेले. पिसूची उडी पोचणार नाही इतक्या उंच टांगलेले वाचले.

आगगाडीचा वाटाही यातून उलगडतो. उदाहरणार्थ, सोलापूर जिल्ह्यातील कुर्डुवाडी, म्हणजे तेव्हाचे बार्शी रोड, १८९७ मध्ये बार्शी लाइट रेल्वेमुळे जंक्शन झाले. १९०६ मध्ये हा फाटा पंढरपूरला पोचला. अशा ठिकाणी धान्य, कापूस आणि वारकऱ्यांची वळकटी एका गाडीतून दुसरीत जात असे. तपासणीत उतारूचा ताप सापडे. पोत्यातला उंदीर आणि अंथरुणातली पिसू सुटत असे. त्या तपासणीचा मूळ दोष हाच होता.

शेवटचा दुवा १९१४ मध्ये संशोधक बॅकट आणि मार्टिन यांनी जोडला. जंतूंच्या गोळ्याने पिसूच्या जठराचे तोंड तुंबते, भुकेली पिसू पुन्हापुन्हा चावते आणि न उतरलेले रक्त जंतूंसह जखमेत परत ओकते. उंदीर मेला की ती माणसाकडे वळते. त्यामुळे प्लेगच्या गावात आधी पिसवा मारतात, उंदीर नंतर.