मुद्दल किती होते? हिशेब उलटा करून पाहा

व्याज म्हटले की आपण पुढचा हिशेब करतो. आज इतके ठेवले तर पाच वर्षांनी किती होतील? परंतु संसारात अनेकदा उलटा हिशेब लागतो. मुलीच्या कॉलेजसाठी पाच वर्षांनी एक लाख रुपये हवेत, तर आज किती ठेवावे?

मुद्दल आणि व्याज मिळून रास होते, हे आपण शाळेत शिकलो. चक्रवाढ व्याजात पहिल्या वर्षाचे व्याज मुद्दलात मिळते आणि दुसऱ्या वर्षी त्या व्याजावरही व्याज चढते. पोस्टातील राष्ट्रीय बचत प्रमाणपत्राचेच उदाहरण घ्या. १ एप्रिल २०२३ पासून त्याचा दर ७.७ टक्के ठरला. म्हणजे दरवर्षी रक्कम १.०७७ पट होते.

पुढे जाताना गुणायचे, तर मागे येताना भागायचे. एक लाखाला १.०७७ ने भागा : ९२,८५१. पुन्हा भागा : ८६,२१२. मग ८०,०४८, मग ७४,३२५ आणि पाचव्यांदा ६९,०११. हेच मुद्दल. प्रमाणपत्र शंभराच्या पटीत मिळते, म्हणून ६९,१०० रुपये ठेवावेत.

येथे बरेच जण फसतात. एक लाखावर ७.७ टक्क्यांनी पाच वर्षांचे व्याज ३८,५०० धरून ते वजा करतात आणि ६१,५०० ठेवतात. मुदत संपल्यावर हातात ८९,११६ येतात. ऐन प्रवेशाच्या वेळी १०,८८४ रुपये कमी पडतात! व्याज मुद्दलावर चढते, शेवटच्या राशीवर नव्हे. म्हणून वजाबाकी चालत नाही, भागाकारच करावा लागतो.

हाच हिशेब कर्जातही ढालीसारखा उपयोगी पडतो. समजा, सावकाराकडून १०,००० घेतले. दर शेकडा पाच रुपये महिना, व्याजावर व्याज. मध्ये काहीच फेडले नाही आणि वर्षाने तो २१,५५० मागतो. त्या आकड्याला १.०५ ने बारा वेळा भागा. उत्तर येते १२,०००. म्हणजे हाती दिले दहा हजार आणि कागदावर लिहिले बारा हजार. दोन हजारांची ही लबाडी कॅल्क्युलेटर पाच मिनिटांत उघडी पाडतो.

महाराष्ट्रात २०१४ च्या सावकारी नियमन कायद्याप्रमाणे परवान्याशिवाय सावकारी करणे गुन्हा आहे. तक्रार सहकार खात्याच्या जिल्हा उपनिबंधकांकडे करता येते. पण तक्रारीला आकडा हवा.

तेव्हा माता-भगिनींनो, पैसे ठेवताना किंवा घेताना तीन गोष्टी वहीत तारखेसह लिहून ठेवा : प्रत्यक्ष हाती आलेली वा दिलेली रक्कम, दर आणि व्याज किती काळाने मुद्दलात मिळते ते. घरातील आठवी-नववीच्या मुलाला शेजारी बसवा आणि भागाकार त्यालाच करू द्या. कोऱ्या कागदावर सही किंवा अंगठा मात्र कधीही देऊ नका.