ग्रेव्ह्ज, मिलफर्ड

(२० ऑगस्ट १९४१–१२ फेब्रुवारी २०२१). अमेरिकन जॅझ तालवादक, अध्यापक व हृदयनादांचा अभ्यासक. जॅझमधील तालवादनास ठरीव मात्रांच्या बंधनातून मोकळे करणाऱ्या वादकांत त्याची गणना होते. वनौषधी, सूचिचिकित्सा, युद्धकला, शिल्पकला व संगणकाच्या साहाय्याने केलेले ध्वनिविश्लेषण अशा परस्परांपासून दूर भासणाऱ्या क्षेत्रांत त्याने काम केले. तथापि या सर्व व्यासंगाच्या मुळाशी जिवंत देहाच्या लयीविषयीचे कुतूहल होते.

त्याचा जन्म न्यूयॉर्क शहराच्या क्वीन्स विभागातील जमेका या वस्तीत झाला. ड्रम वाजविण्यास तो बालपणी स्वतःच शिकला. पुढे काँगा या हाताने वाजवावयाच्या वाद्यावरही त्याने प्रभुत्व मिळविले. १९६० नंतरच्या पहिल्या काही वर्षांत तो लॅटिन अमेरिकन धर्तीच्या नृत्यसंगीताची पथके चालवीत असे. पुढे प्रसिद्धीस आलेला पियानोवादक चिक कोरिया त्याच्या अशाच एका पथकात होता. १९६४ मध्ये जॉन चिकाई व रॉझवेल रड यांच्या ‘न्यूयॉर्क आर्ट क्वार्टेट’ मध्ये तो सामील झाला आणि मुक्त जॅझ या नव्या प्रवाहातील अग्रगण्य वादक म्हणून ओळखला जाऊ लागला.

रूढ जॅझमध्ये ड्रमवादकाने झांजेवर सम गती राखावी व इतरांनी तिच्या आधाराने वाजवावे, असा संकेत असे. ग्रेव्ह्जने तो झुगारला. दोन्ही हात व दोन्ही पाय यांच्याकडून तो एकाच वेळी निरनिराळ्या गतींची कामे करवून घेई. त्यामुळे ऐकणाऱ्यास एक ताल न भासता एकमेकांत मिसळणाऱ्या अनेक लाटा भासत. ड्रमचे खालचे कातडे त्याने काढून टाकले आणि ज्याच्या तारांमुळे कोरडा खडखडाट उमटतो, तो स्नेअर ड्रमही कालांतराने वर्ज्य केला. ड्रम केवळ आघाताचे वाद्य नसून त्यातून चढउताराचे स्वर निघाले पाहिजेत, अशी त्याची धारणा होती. डग्ग्यावरील मनगटाच्या दाबाने नाद कसा वळतो, हे ठाऊक असलेल्या भारतीय श्रोत्यास ती नवी वाटणार नाही. १९६५ मध्ये ग्रेव्ह्जने वसंथा सिंग यांच्याकडे तबल्याचे शिक्षणही घेतले होते.

१९६६ मध्ये डॉन पुलन या पियानोवादकासह येल विद्यापीठात केलेल्या वादनाच्या ध्वनिमुद्रिका दोघांनी स्वतःच प्रसिद्ध केल्या. काही वेष्टने त्यांनी हाताने रंगविली होती. कृष्णवर्णी कलावंताने आपल्या कलेची मालकी आपल्याकडे राखावी, हा त्यामागील हेतू होता. जुलै १९६७ मध्ये जॉन कोल्ट्रेनच्या अंत्यविधीप्रसंगी ॲल्बर्ट आयलरच्या चमूत ग्रेव्ह्जने वादन केले.

वादनाच्या जोडीला त्याने वैद्यकीय तंत्रज्ञाचे शिक्षण घेऊन एका पशुवैद्यकीय प्रयोगशाळेत काम केले. १९७० नंतरच्या दशकात डॉक्टरांच्या शिक्षणासाठी तयार केलेली हृदयाच्या ठोक्यांची ध्वनिमुद्रिका त्याच्या हाती आली. तीतील अनियमित ठोके ऐकताना त्याला आफ्रिकी व क्यूबन ढोलवादनातील लयींची आठवण झाली. हृदयाचे दोन प्रमुख नाद त्याच्या झडपा मिटल्यामुळे उमटतात. निरोगी माणसातही दोन ठोक्यांमधील अंतर तंतोतंत सारखे नसते. श्वास घेताना ते किंचित कमी होते व सोडताना वाढते. म्हणजेच घड्याळासारखी टिकटिक हे जिवंतपणाचे लक्षण नव्हे. ग्रेव्ह्जच्या वादनाला त्याच्या दृष्टीने येथे निसर्गाचाच आधार मिळाला. इलेक्ट्रॉनिक स्टेथॉस्कोपने असंख्य व्यक्तींचे हृदयनाद टिपून, संगणकावर त्यांतील मंद कंपने श्राव्य स्वरांत आणून तो त्यांवर संगीतरचना करी. २००० साली त्याला गुगेनहाइम अधिछात्रवृत्ती मिळाली व तीतून त्याने या कामासाठी साधने घेतली. इटालियन शास्त्रज्ञ कार्लो व्हेंतुरा याच्यासह त्याने मूलपेशींवरील ध्वनीच्या परिणामांविषयी संशोधन केले व २०१७ मध्ये त्या दोघांना त्याबाबत पेटंट मिळाले. अशा नादांनी बिघडलेली लय सुधारता येईल, हा त्याचा विश्वास मात्र वैद्यकशास्त्राने सर्वमान्य केलेला नाही. त्याच्या प्रयोगांचे मोल तूर्त तरी चिकित्सेपेक्षा कलेच्या बाजूनेच अधिक ठरते.

‘यारा’ या नावाची एक युद्धकलाही त्याने प्रचारात आणली. तीसाठी त्याने बागेतील प्रार्थना-कीटकाच्या, म्हणजे आपल्याकडील खंडोबाच्या किड्याच्या, हालचालींचे निरीक्षण केले होते. क्वीन्समधील त्याच्या घराच्या भिंती त्याने दगड, काचा व आरशांच्या तुकड्यांनी मढविल्या होत्या. भोवती औषधी वनस्पतींची बाग आणि तळघरात प्रयोगशाळा होती. व्हरमाँटमधील बेनिंग्टन महाविद्यालयात १९७३ पासून २०१२ पर्यंत त्याने अध्यापन केले.

अँड्र्यू सिरिल या दुसऱ्या तालवादकासह केलेली डायलॉग ऑफ द ड्रम्स (१९७४) तसेच बाबी (१९७७), ग्रँड युनिफिकेशन (१९९८) व स्टोरीज (२०००) ही त्याची उल्लेखनीय ध्वनिमुद्रणे. त्याच्यावरील फुल मँटिस हा माहितीपट २०१८ मध्ये प्रदर्शित झाला. त्याच वर्षी त्याला हृदयाच्या स्नायूंत विकृत प्रथिने साठून ते ताठर होण्याचा असाध्य विकार जडल्याचे आढळले. अनेक दशके इतरांची हृदये ऐकणाऱ्या ग्रेव्ह्जने त्यानंतर आपल्याच हृदयाचे नाद टिपून अभ्यासण्यास आरंभ केला. त्याची शिल्पे, ड्रम, रेखाटने व हृदयनादांच्या नोंदी यांचे प्रदर्शन २०२० मध्ये फिलाडेल्फिया येथे भरले. पुढील वर्षी क्वीन्स येथे त्याचे निधन झाले.