पान उलटण्याआधी

आठ वर्षांपूर्वी एका चित्रकार मित्राबरोबर मी मुलांसाठी ३२ पानांची चित्रकथा केली. नवव्या पानाच्या शेवटच्या चौकटीत एक मुलगी आडात डोकावते आणि पान उलटले की दहावे पान भरून एक म्हातारे कासव दिसते, अशी रचना होती. छपाईच्या आदल्या दिवशी प्रकाशकांनी शेवटचे कोरे पान काढून सुरुवातीला अर्पणपत्रिका घातली. सगळी पाने एकाने पुढे सरकली. मुलगी दहाव्या पानावर गेली, कासव अकराव्यावर. म्हणजे दोघे समोरासमोर आले. मुलगी डोकावण्याआधीच वाचकाला कासव दिसू लागले. एकही रेघ बिघडली नव्हती, पण गोष्टीतला जीव गेला होता.

चित्रकथेत पान हा गोष्टीचाच भाग असतो, हे मला तेव्हा कळले. पुस्तकात विषम पान उजवीकडे येते. वाचकाची उत्सुकता ताणायची ती उजव्या पानाच्या तळाशी आणि उलगडा करायचा तो उलटल्यावर येणाऱ्या डाव्या पानावर. ‘टिनटिन’चा निर्माता एर्जे हे जाणून होता. १९२९ पासून त्याची गोष्ट साप्ताहिक पुरवणीत हप्त्याहप्त्याने येई आणि हप्ता संपताना काहीतरी अडून राही. दोन चौकटींमधली कोरी पट्टीही रिकामी नसते. चौकटींमध्ये न दाखवलेली घटना वाचक तिथे मनाने भरून काढतो, हे स्कॉट मॅक्लाउड यांनी १९९३ च्या ‘अंडरस्टँडिंग कॉमिक्स’मध्ये सविस्तर मांडले आहे.

एका मापाची गोष्ट दुसऱ्या मापात घालणे ही अडचणही जुनीच. १९६४ साली सुरू झालेल्या इंद्रजाल कॉमिक्समधून आपल्यापैकी अनेकांनी वेताळ वाचला. त्याच्या गोष्टी मुळात अमेरिकी वर्तमानपत्रांतल्या पट्ट्यांसाठी काढलेल्या होत्या. उभ्या पानात बसवताना चौकटी नव्याने मांडाव्या लागत, कुठे चित्र छाटावे लागे.

आज हाच प्रश्न मोबाइलने पुन्हा उभा केला आहे. २१ सेंटिमीटर रुंदीचे ए-फोर पान सात सेंटिमीटरच्या पडद्यावर आणले की नऊ पॉइंटचे अक्षर तीन पॉइंटचे होते. रोमन अक्षर एक वेळ ओळखू येईल. आपले अनुस्वार, रफार आणि जोडाक्षरे एकमेकांत मिसळतात. कोरियात २००३-०४ च्या सुमारास डाउम आणि नेव्हर या संकेतस्थळांनी वेबटून सुरू केले. त्यातून रुळलेल्या पद्धतीत पानच नाही. एकाखाली एक चौकटी येतात आणि वाचक बोटाने वर सरकवत जातो. पान उलटण्याचे काम तिथे दोन चित्रांमधले अंतर करते. माझे कासव तिथे दाखवायचे तर मुलीच्या चौकटीखाली पडदाभर काळोख सोडावा लागेल.

मग फाइल कोणती ठेवावी? छपाईसाठी इंचाला ३०० ठिपके धरले तर ए-फोर पान २४८० बाय ३५०८ पिक्सेलचे होते. कडेपर्यंत रंग हवा असेल तर चारी बाजूंनी साधारण तीन मिलिमीटर चित्र जास्त घ्यायचे, म्हणजे कटिंगमध्ये पांढरी कड उरत नाही. संवाद फक्त काळ्या प्लेटवर ठेवायचे. चार रंग मिसळून काळे केले आणि प्लेट जराशी हलली, तर मात्रांच्या कडा धूसर होतात. प्रेसला द्यायची ती फॉन्ट आत समाविष्ट केलेली पीडीएफ.

पडद्यासाठी सीबीझेड हे स्वरूप बरेच वापरले जाते. ते म्हणजे झिप केलेले चित्रांचे गाठोडे. पानांचा क्रम फाइलच्या नावावरून ठरतो, म्हणून नावे ००१, ००२ अशी द्यावीत. नुसते १, २ दिले तर काही ठिकाणी एकनंतर थेट दहा येते. चित्रासाठी जेपीईजी हलके, पण ते दाबताना अक्षरांच्या कडांभोवती डाग धरते. पीएनजीत तसे होत नाही. मात्र दोन्हींत शब्द चित्रात मुरलेले असतात. ते शोधता येत नाहीत आणि दृष्टिहीन वाचकाचे मोबाइलमधले वाचक-सॉफ्टवेअर ते वाचू शकत नाही. ठरावीक मांडणीच्या ईपबमध्ये चित्रावर खरा मजकूर आणि चित्राचे वर्णन दोन्ही ठेवता येते. कष्ट जास्त आहेत, पण गोष्ट अधिक वाचकांपर्यंत पोहोचते.

गेल्या वर्षी मोबाइलसाठी आमची जुनी फाइल उघडली. चित्रे ठणठणीत होती, फुग्यांत मात्र इंग्रजी अक्षरांचा आणि चिन्हांचा कचरा. संवाद जुन्या, युनिकोड नसलेल्या फॉन्टमध्ये टाइप केले होते. अशा फॉन्टमध्ये वर ‘क’ दिसला तरी आत भलत्याच अक्षराचा क्रमांक असतो. फॉन्ट गेला आणि मराठीही गेली. छापील प्रत समोर ठेवून आम्ही सगळे संवाद पुन्हा टाइप केले.

आता मी तीन गोष्टी पाळतो. गोष्ट कागदावर वाचली जाणार की पडद्यावर, हे पहिली चौकट आखण्याआधी ठरवतो. चित्र आणि संवाद वेगळ्या थरांत ठेवतो. आणि सगळे संवाद युनिकोडमध्ये एका साध्या मजकूर-फाइलमध्येही जपतो. शिवाय छपाईला देताना पहिल्या पानावर पेन्सिलीने लिहितो : पाने पुढेमागे करू नयेत, दहाव्या पानावर कासव आहे.